न सांगता केलेला अंधार

नसीमआपा.

नावापासूनच सुरुवात करतो. नाव एकदा कागदावर आलं की मागं फिरायला जागा राहत नाही, आणि मी मागं फिरण्यात पटाईत आहे. माझ्या आयुष्यात जे काही बरं झालं, त्यातलं बहुतेक त्यांच्यामुळं झालं. त्यांच्या आयुष्यात जे एक मोठं वाईट झालं, ते माझ्यामुळं. पहिली गोष्ट मी भेटेल त्याला सांगत आलो. दुसरी अगदी परवापरवापर्यंत कुणालाच नाही — बायकोला नाही, वडील होते तेव्हा त्यांना नाही, वर्षानुवर्षं बरोबर काम करणाऱ्या माणसांना नाही. आणि ज्यांना सांगायला हवी होती, त्यांना तर नाहीच.

आज का सांगतो आहे? खरं सांगू — दमलो आहे. पश्चात्ताप वगैरे शब्द मोठे आहेत, मला ते शोभत नाहीत. एकच गोष्ट पुन्हा पुन्हा झाकून माणूस थकतो, एवढंच.

सध्या मी परदेशातल्या एका गोदीत आहे. एक मोठं प्रवासी जहाज दुरुस्तीला आलं आहे. अशा जहाजांवर नाटकगृहं असतात — पडदा, खुर्च्या, रंगमंच, सगळं. तिथं दिवे कुठं टांगायचे, कुठला दिवा कधी लागायचा आणि कसा विझायचा, हे ठरवण्याचं माझं काम. जमिनीवर असलो की गाण्याचे मोठे कार्यक्रम, लग्नं, कंपन्यांचे सोहळे. आमचे सोयरे म्हणतात, "दिगू जहाजावर वायरमन हाय." मी आता त्यांचं बोलणं सुधारत नाही. एका अर्थानं त्यांचंच बरोबर आहे.

नाटकगृहातल्या खुर्च्यांवर प्लॅस्टिक घातलेलं आहे. दुपार आहे. कामगार जेवायला गेलेत. मी मागच्या रांगेत बसून हे लिहितो आहे.

आमचं गाव हिमायतनगरकडचं. वडील दुसऱ्याच्या पिठाच्या गिरणीत कामाला. घराण्यात कॉलेजला गेलेला मी पहिला — नांदेडला आलो तेव्हा अंगावरचा सदरा नवा होता, आणि त्याच्या आत मी पार घाबरलेला. वर्गात तोंड उघडत नव्हतो. उघडलं की 'लई' आणि 'न्हाई' बाहेर पडायचं आणि मागच्या बाकावरची पोरं हसायची. एकदा एका मित्राच्या मागं मागं हौशी नाटकवाल्यांच्या तालमीला गेलो. दाराशी उभा राहिलो. तिथं आपा होत्या.

त्या उर्दू शाळेत मराठी शिकवायच्या आणि आमच्या नाटकमंडळीत मोठ्या भूमिका करायच्या. मराठी आम्हा सगळ्यांपेक्षा स्वच्छ. चिडल्या की मात्र दख्खनी. त्यांच्या वडिलांचं शिलाईचं दुकान होतं. त्यांना सगळे अब्बाच म्हणत. नाटकाचे कपडे तेच शिवायचे आणि प्रत्येक प्रयोगाला पहिल्या रांगेत बसायचे, म्हणायचे, "बेटी को देखने नहीं आता मैं, टाके देखने आता हूँ."

त्या दिवशी आपांनी मला पाहिलं आणि सगळ्यांसमोर विचारलं, "काय रे, भिंत पडून राहिली का? मग कशाला धरून उभा हायस?"

सगळे हसले. पण ते हसणं वर्गातल्यासारखं नव्हतं. 'हायस' त्यांनी माझ्यासाठी म्हटलं होतं, हे मला खूप नंतर कळलं.

आमच्याकडं दिवे नव्हते. स्पॉट, डिमर, स्टँड हे सगळं प्रयोगाच्या दिवशी भाड्यानं यायचं. तालीम शाळेच्या हॉलमध्ये, एका ट्यूबलाइटखाली, आणि लाईट गेली की तीही नाही. नटांना कळणार कसं, कुठं उजेड असणार आणि कुठं नाही? आपांनीच युक्ती काढली. मला म्हणाल्या, "तू तोंडानं लाईट दे."

म्हणून मी हॉलच्या मधोमध खुर्चीवर उभा राहून उजेड बोलायचो. "डावीकडं पिवळा आला… वाढतोय… मधे काही नाही, मधे अंधार… आता उतरतोय… उतरतोय… अजून दिसतंय… उतरला." सगळे माझ्या आवाजावर चालायचे. थांबायचं कुठं, वळायचं कधी, पायऱ्या उतरायच्या कधी, सगळं माझ्या आवाजावर बसलेलं. प्रयोगाच्या दिवशी मी गप्प असायचो, दिवे काम करायचे, पण आपा म्हणायच्या, "दिगू, प्रयोगात पण मला तुझा आवाज ऐकू येतो. 'उतरतोय, उतरतोय' — बराबर तुझ्याच चालीत."

हे लक्षात ठेवा. पुढचं सगळं याच्यावर उभं आहे.

वडिलांना कुणीतरी सांगितलं की पोरगं नाटकात गेलं. निरोप आला — सामान घेऊन गावाकडं ये. मी पिशवी भरलीही होती. आपा एसटीनं आमच्या गावी आल्या, खव्याचे पेढे घेऊन. गिरणीच्या दाराशी पीठ उडत होतं, त्यांच्या काळ्या ओढणीवर पांढरा थर बसला. वडील म्हणाले, "पोराला शिकाया धाडलं, तोंड रंगवाया न्हाई."

"तोंड रंगवायचं काम आमचं, मामा," आपा म्हणाल्या. "याचं काम बिजलीचं हाय."

वडील विचारात पडले. "बिजलीचं? मग आमच्या मोटारीचा आवाज येऊन राहिलाय, ते बघतो का म्हणावं."

मी मोटार उघडली. पट्टा सैल होता, तो आवळला. आवाज थांबला. वडील खूश झाले आणि मी नांदेडला परत आलो. बसमध्ये आपा हसून हसून बेजार. "आयुष्यभर मोटारी दुरुस्त करत बसू नको," म्हणाल्या. त्यांनी त्या दिवशी एसटी पकडली नसती, तर आज मी कुठं असतो? गिरणीतच. त्यात वाईट काही नाही. पण हे जे मी झालो, ते झालो नसतो.

आता लातूर.

खरं तर मला लातूरचं लिहायचं नाही. मघापासून पेढे आणि मोटार चालू आहे, ते त्यासाठीच.

त्या वर्षी हौशी नाटकांच्या स्पर्धेची पहिली फेरी लातूरला होती. आम्ही ट्रकमधून सामान घेऊन गेलो, अब्बा एसटीनं मागून आले. आमच्या नाटकाच्या शेवटी आपा एका उंच लाकडी लेव्हलवर एकट्या उभ्या असायच्या. लेव्हल म्हणजे रंगमंचावर ठेवलेला चौथरा — हा छातीइतका उंच होता. त्यांचं शेवटचं वाक्य संपायचं, आणि उजेड हळूहळू उतरायचा. उतरत्या उजेडात त्या वळायच्या आणि मागच्या पायऱ्यांनी खाली जायच्या. पूर्ण अंधार, मग फिका निळा प्रकाश, आणि वर कुणीच नाही. रिकामी लेव्हल. पडदा. महिनाभर हे आम्ही माझ्या आवाजावर बसवलं होतं.

आदल्या दिवशी मी दुसऱ्या एका संघाचं नाटक बघायला गेलो. त्यांनी एका जागी भरल्या उजेडातून एकदम अंधार केला. कापल्यासारखा. शेजारी परीक्षक बसले होते, ते पुढं झुकले आणि त्यांनी काहीतरी लिहून घेतलं. मी ते पाहिलं. नाटक मला आज आठवत नाही. ते पुढं झुकणं आठवतं.

आमच्या प्रयोगाच्या दुपारी दिवे टांगण्यातच सगळा वेळ गेला. सलग तालीम झालीच नाही, हौशी नाटकांत ती कधीच होत नाही. आणि मी ठरवलं, शेवटचा उजेड उतरवायचा नाही. कापायचा.

आपांना सांगायला मी रंगपटाच्या दाराशी गेलो. त्या आरशासमोर डोळे मिटून बसल्या होत्या, रंगभूषावाला त्यांच्या कपाळावर काम करत होता, ओठ हलत होते, वाक्यं चालू होती. मला वाटलं, आता नको, मध्ये येऊ नये. नंतर सांगू. मग घंटा झाली, आणि मी विसरलो.

हे वाक्य मी स्वतःला इतक्या वेळा सांगितलं आहे की ते आता गुळगुळीत झालं आहे. मी विसरलो. माणूस विसरतो. गडबड होती.

नाही. मी विसरलो नव्हतो.

मी दाराशी उभा होतो, आणि आपांचे डोळे मिटलेले बघून मला बरं वाटलं होतं. कारण सांगितलं असतं, तर त्या 'नाही' म्हणाल्या असत्या. म्हणाल्या असत्या, दिगू, तालीम नाही, उंचावर आहे, आज नको. त्या बरोबर असत्या, आणि मला ऐकावं लागलं असतं. मला ऐकायचं नव्हतं. मला परीक्षक पुढं झुकलेले बघायचे होते. मी दारातून आवाज न करता मागं आलो.

प्रयोग चांगला झाला. इतका चांगला की विंगेत एक जण रडत होता. शेवटचं वाक्य आलं. आपांच्या तोंडावर मी सगळे दिवे भरून दिले होते, जास्तच, म्हणजे अंधार जास्त काळा दिसावा. वाक्य संपलं. मी मेन, म्हणजे सगळ्या दिव्यांचा एकच खटका, खाली ओढला.

टाळ्या पडल्या. लगेच, अंधारातच. आणि टाळ्यांच्या खालून एक आवाज आला — लाकडाचा नाही, माणसाचा. धप्प, आणि मागोमाग लोखंडी स्टँड पडल्याचा.

मी तो ऐकला. आज मला इथं थांबायचं होतं, पण आणखी एक सांगायचं राहिलं आहे, आणि तेच सगळ्यात खाली दडवलेलं आहे. माझा हात मेनवर होता. मला आवाज ऐकू आला होता. कोण पडलं ते मला कळलं होतं. दिवे लावायला काय लागतं? हात वर करायचा फक्त. मी केला नाही. टाळ्या चालू होत्या, आणि त्या अंधाराला होत्या, म्हणजे मला होत्या. मी तो अंधार धरून ठेवला. किती वेळ, ते सांगता येणार नाही. एका माणसाला अंधारात पडून राहायला पुरे होईल इतका. मग निळा प्रकाश दिला. रिकामी लेव्हल दिसली. ठरल्याप्रमाणं. लोक उभे राहिले. पडदा.

मग मी धावलो. सगळ्यांनी मला धावताना पाहिलं.

गुडघा गेला होता. रात्री तिथल्याच हाडांच्या डॉक्टरकडं त्यांना ठेवलं. सकाळी मी गेलो तेव्हा खाटेशी अब्बा बसले होते. आपांच्या कपाळावरचा रंग तसाच होता, कुणी पुसलाच नव्हता. मला बघून त्या हसल्या.

"अरे, मला वाटलं लाईट गेली," म्हणाल्या. "आपल्याकडचीच सवय. म्हटलं, आता येईल, आली की मी वर दिसायला नको, नाहीतर तुझी रिकामी लेव्हल वाया जाईल. म्हणून घाईनं उतरायला गेले. आता ही पोरं म्हणून राहिलीत की तू मुद्दामच केलं होतं."



"मला सांगितलं होतंस का रे, दिगू?" आरोप नव्हता त्यात. खरंच विचारत होत्या. "माझ्या ध्यानातच नाही."

खोलीत आमच्या मंडळीतले दोघं-तिघं होते. दिग्दर्शक होते. आणि मी म्हणालो, "सांगितलं होतं, आपा. मेकअप चालू होता तेव्हा. तुम्ही मान हलवली."

मान हलवली. एवढं तर कुणी विचारलंही नव्हतं. ते मी आपणहून घातलं.

आपांनी डोळे मिटले. म्हणाल्या, "हाव? मग माझंच डोकं कुठंतरी होतं." अब्बा उठले आणि त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. "तेरी क्या गलती बेटा," म्हणाले. "तू रो मत."

मी रडत होतो हे मला तेव्हा कळलं. ते रडणंही माझ्या बाजूनं उभं राहिलं.

पुढच्या फेरीत आमचं नाटक गेलं. आपांच्या जागी दुसरी मुलगी उभी केली. शेवटचा अंधार तसाच ठेवला, कारण परीक्षकांनी त्याचं नाव घेतलं होतं. त्या मुलीला मी सांगितलं. पुन्हा पुन्हा सांगितलं. हात धरून जागा दाखवली, अंधारात उभी राहा, हलू नको, मी स्वतः येऊन उतरवतो. म्हणजे मला येत होतं. कसं सांगायचं असतं, ते मला सगळं येत होतं.

प्रकाशयोजनेचं पहिलं बक्षीस मला मिळालं. प्रशस्तिपत्र वडिलांनी गिरणीत टांगलं, पिठाच्या धुरळ्यात, आणि दळायला येणाऱ्या प्रत्येकाला दाखवलं. त्यांना वाचता येत नव्हतं. त्याच कागदावर मला पुढं शिक्षणाला प्रवेश मिळाला, मग एका कंपनीत काम, मग जहाज. आपांनी पुन्हा भूमिका केली नाही. गुडघा वाकत नव्हता, हे कारण होतंच. पण मंडळीत एक वाक्यही फिरलं होतं — नसीमआपांना आता उजेड सांभाळता येत नाही. ते वाक्य कुणी सुरू केलं? मी नाही. मी फक्त थांबवलं नाही.

एवढ्यावर थांबलं असतं, तर कदाचित मी हे लिहिलंही नसतं. माणूस तरुणपणी एक खोटं बोलतो, ते जुनं होतं. पण मी ते जुनं होऊ दिलं नाही. मी ते कामाला लावलं.

जहाजावरचा रंगमंच हलतो. समुद्र शांत असला तरी पायाखाली थोडं चालूच असतं. म्हणून तिथं कडेला अंधारात चमकणाऱ्या पट्ट्या लावतात, प्रत्येक दिव्याला जास्तीची साखळी असते, आणि नव्या माणसांना काम सुरू करण्याआधी सगळं समजावून सांगावं लागतं. ते समजावण्याचं काम मी करतो. चांगलं करतो, असं म्हणतात. कलाकाराला न सांगता दिव्यात एवढासाही बदल करायचा नाही — हे मी टेबलावर हात आपटून सांगतो. मग मी एक गोष्ट सांगायचो. आमच्या गावाकडं एक नटी होती. गुणी होती. तिला बदल सांगितला होता, पण तिचं लक्ष नव्हतं, आणि ती उंचावरून पडली. म्हणून नुसतं सांगू नका, समोरच्याकडून परत म्हणवून घ्या.

किती देशांतल्या किती मुलामुलींनी ही गोष्ट वहीत लिहून घेतली असेल! पुण्यात एका कार्यक्रमाआधी ती सांगितली तेव्हा एक मुलगी म्हणाली, "बिचारी." मी मान हलवली. मान हलवणं मला चांगलं जमतं.

गेल्या सुट्टीत आपांचा फोन आला. त्या निवृत्त झाल्या आहेत. एका शाळेच्या मागं त्यांनी लहानसा हॉल उभा करून घेतला आहे, तिथं मुलींची नाटकं बसवतात. "येऊन बघून जा, दिगू. दिवे कुठं टांगायचे ते तूच सांग. मोठा साहेब झालास, पण मोटार बघायला तर येशील?"

मी गेलो. हॉल छान आहे. पत्र्याचं छत, पण रंगमंच नीट, मागं पायऱ्या, दोन्ही कडांना चुन्याच्या पांढऱ्या रेघा. आपा काठी घेऊन चालतात. अब्बा आता नाहीत. त्यांची कात्री एका खिळ्याला टांगलेली आहे. मुली रांगेत बसल्या होत्या, कुणी भोकरची, कुणी अर्धापूरची, बऱ्याचशा नांदेडच्याच. आपांनी माझी ओळख करून दिली आणि काठीनं आपल्या गुडघ्यावर टकटक केलं.

"ही तंगडी बघा पोरींनो. लाईटवाला सांगतो ते कानात तेल घालून ऐकायचं. या साहेबानं मला सांगितलं होतं, आणि मी मान हलवून विसरले. म्हणून अंधारात पडले. बोला, कुणाचं ऐकायचं?"

"लाईटवाल्याचं!" मुली ओरडल्या. रोजचं असावं ते. हसतही होत्या.

मान हलवून. माझे शब्द. इतकी वर्षं त्यांनी ते सांभाळून ठेवले होते, आणि आता मुलींना शिकवत होत्या.

पुढच्या रांगेत एक बारकी मुलगी होती. तिनं हात वर केला आणि मला विचारलं, "काका, मग तुम्ही पटकन लाईट लावली न्हाई का?"

इतक्या वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं. मी तोंड उघडलं. खरंच उघडलं. पण आपाच मध्ये बोलल्या, "लावली की गं! धावत आला होता बिचारा. किती रडला होता."

मी तोंड मिटलं. दिवे कुठं टांगायचे ते दाखवलं, चहा घेतला. त्यांनी बांधून दिलेल्या पुऱ्या घेतल्या. निघताना त्यांनी अब्बांसारखाच माझ्या डोक्यावर हात ठेवला, त्यासाठी काठी भिंतीला टेकवून.

मी फोन करू शकलो असतो. पण फोनवर त्यांनी मला वाक्य पुरं करू दिलं नसतं. 'जाऊ दे रे' म्हणाल्या असत्या, आणि मी ते घेतलं असतं — इतक्या वर्षांत त्यांनी दिलेलं सगळं घेतलं, तसंच. म्हणून कागदावर लिहिलं. जहाजावर परत येण्याआधी रजिस्टर पोस्टानं पाठवलं. ते पोचलं आहे, सहीची पावती घरी आली, बायकोनं तिचा फोटो पाठवला. त्यावर त्यांची सही आहे, मोठी, शाळेतल्या फळ्यावर लिहायच्या तशी. त्याच्यापुढं काही आलेलं नाही. यावं असं माझं म्हणणं नाही.

पत्र असं होतं.

आदरणीय नसीमआपा यांस,

लातूरला तुम्ही खाटेवरून मला विचारलं होतं, सांगितलं होतंस का. मी हो म्हणालो. ते खोटं होतं. मी सांगितलं नव्हतं. तुम्ही मान हलवली नव्हती. तुमचे डोळे मिटलेले होते आणि मी दारातून परत गेलो. विसरलो म्हणून नाही. तुम्ही नको म्हणाल, म्हणून.

तुम्ही पडलात तो आवाज मी ऐकला होता. दिवे लगेच लावले नाहीत. टाळ्या चालू होत्या, म्हणून. त्या मुलीनं विचारलं त्याचं खरं उत्तर हे आहे.

तुम्ही काही विसरला नव्हता. महिनाभर आपण जसं बसवलं होतं तसंच तुम्ही करत होता. बक्षीस त्या अंधाराला मिळालं. मी आजवर तुमची गोष्ट तुमची चूक म्हणून परक्या लोकांना सांगत आलो, तुमचं नाव न घेता. आता जहाजावर परत गेलो की खरी सांगेन. पहिल्या दिवसापासून.

त्या दिवशी शेवटी उजेड असा जायला हवा होता:

वाक्य संपलं, आपा. उतरतोय. उतरतोय. अजून दिसतंय, वळा. अजून दिसतंय. पहिली पायरी दिसतेय. उतरतोय. तुमचा हात कठड्यावर आहे. आता खाली पोचलात. उतरला.

तसा मी तो जाऊ दिला नाही.

दिगंबर